परके आणि बडबडे

दिवाणखान्याचं छप्पर कोसळलं, तेव्हा बाबा शेजारच्या खोलीत मला लॅटिनचं व्याकरण शिकवत होते! रोमचं सैन्य माझ्या जन्माआधीच ब्रिटन सोडून गेलं. पाठोपाठ कौलं भाजणारेही गेले. आता नवी कौलं आणायची कुठून?

आवाज ऐकून समुद्रापलीकडून येऊन ओढ्यापल्याड वसलेल्या सॅक्सन लोकांतली हिल्ड धावत आली. तिची भाषा मी पाणी भरता भरता शिकलेय. बाबांना त्यातलं ओ की ठो कळत नाही.

"तुझ्या तान्ह्या बहिणीला घेऊन हिवाळाभर आमच्याकडे चला," ती म्हणाली. "वेल्ह असलात म्हणून काय झालं!"

मी ते बाबांना लॅटिनमध्ये सांगितलं. "वेल्ह म्हणजे?" त्यांनी विचारलं.

"परके," मी म्हणाले.

बाबा ताडकन उठले. "परके? आम्ही? हे घर माझ्या पणजोबांनी बांधलंय! गारठून मरेन, पण या बार्बारींच्या दारात जाणार नाही."

"बार्बारी म्हणजे काय गं?" हिल्डने विचारलं. झाली का पंचाईत!

"नुसतं 'बार बार' करणारे. ज्यांचं बोलणं कळत नाही, ते."

हिल्ड खो खो हसली. "मलाही तुझ्या बापाचं बार बारच ऐकू येतं की!"

मी तेही बाबांना सांगून टाकलं. ते हसले नाहीत, पण चिडलेही नाहीत. तान्ही खोकत होती. त्यांनी तिला उचलून आपल्या झग्यात गुंडाळलं आणि ओढा ओलांडला.

हिल्डच्या गवती घराचं दार इतकं बुटकं, की वाकल्याशिवाय आत जाताच येईना. बाबा तिथे थबकले. हळूच मला म्हणाले, "पोरी, यांच्या भाषेत 'आत येऊ का?' कसं विचारतात?"