तुरटीचा भाव

चहाचे कप उचलल्यावर गंगाधर भोइट्यांनी रिवाजाप्रमाणे, मधुराला बघायला आलेल्या मुलाच्या गावाचा, देवजांभळीचा, तुरटीचा भाव काढला. तालुक्याला तुरटी तेच पुरवायचे, त्यामुळे दरयंत्र घरातच होतं. जमिनीतलं पाणी जोखून ते प्रत्येक गावाचा पुढचा भाव आधीच सांगायचं. जिथे निवळायला पाणीच उरणार नसे, तिथला भाव निघत नसे.

देवजांभळीचा भाव पुढच्या सगळ्या वर्षांचा निघाला, तोही चढा.

"महाग म्हणजे पाणी गढूळ," मुलाचे मामा हसले. "पण आहे. पोरीला घागर घेऊन वणवण करावी लागणार नाही."

"तेवढंच हवं होतं," गंगाधरराव म्हणाले.

"आता तुमच्या खडकमाळचाही बघू की, व्याही."

"आमचा कशाला? आम्ही मुलगी देतोय, घेत नाही."

सगळे हसले. लग्न ठरलं.

पाहुणे गेल्यावर मधुराने यंत्राला खडकमाळचा भाव विचारला. यंत्राने यंदाचा भाव सांगितला. पुढच्या वर्षाला ते गप्प राहिलं.

"बाबा, तुम्हाला ठाऊक होतं?"

"म्हणून तर घाई केली, बाळ."

"मग पहिल्या दिवाळसणाला मी यायचं कुठे?"

मधुरा उठली आणि रोजच्यासारखी हंड्यात तुरटी फिरवू लागली. चार वेढे द्यायचे आणि हात काढून घ्यायचा, तरच गाळ खाली बसतो, हे गंगाधररावांनीच तिला लहानपणी शिकवलं होतं. आज तिचा हात थांबत नव्हता. पाणी गढूळच राहिलं, आणि त्यांनी तिला थांबवलं नाही.