दोघांनाही चालेल असं नाव

ती रोपवाटिकेत कुंड्यांवर झाडांच्या लॅटिन नावांच्या पट्ट्या लिहायची. दोन मुलींनंतर तिसऱ्यांदा दिवस गेले, तेव्हा "हे शेवटचं," असा शब्द तिने नवऱ्याकडून घेतला होता. सासूबाई मात्र आत्तापासूनच मुलाची नावं काढून बसल्या होत्या.

"मुलगा होवो नाहीतर मुलगी, दोघांनाही चालेल असं एकच नाव शोध. वादच मिटेल," नवरा म्हणाला.

पट्ट्या लिहिता लिहिता एक दिवस तिला ते सापडलं. सिल्वा. लॅटिनमध्ये अरण्य. सासूबाईंनी ते दोनदा जिभेवर घोळवून पाहिलं आणि चक्क मान डोलावली. "छान आहे गं. भारदस्त वाटतं." न भांडता गड हाती आला म्हणून ती इतकी हरखली, की मऊ दुपट्याच्या कोपऱ्यावर तिने हिरव्या दोऱ्याने नावसुद्धा भरलं.

मुलगी झाली.

सासूबाई दवाखान्यात आल्या. त्यांनी बाळाला दवाखान्याच्या चादरीत गुंडाळलं आणि दुपट्याची, भरलेलं नाव चुरगळू नये अशी, नीट घडी घालून ते आपल्या पिशवीत ठेवलं. तिने नवऱ्याकडे पाहिलं. तो खिडकीबाहेर बघत होता.



"हिला दुसरं काहीतरी ठेव," सासूबाई मायेने म्हणाल्या. "हे मुलालाही चालतं ना? मग पुढच्या वेळेसाठी राहू दे."