धबधब्यांपुढे गप्प

बाबांनी तीस वर्षं गाइड म्हणून लोकांना धबधबे दाखवले, आईला मात्र एकदाही नाही. ते निवृत्त झाल्यावर आम्ही तिघांनी त्यांच्याच जुन्या कंपनीच्या अर्ध्या दिवसाच्या सहलीची तिकिटं काढली. बसमध्ये चढतानाच आईने बजावलं, "आज तुम्ही गाइड नाही. मध्ये एक शब्द जरी बोललात, तरी मी तिथूनच घरी जाईन."

नवी गाइड कालच कामाला लागली होती. पहिल्या धबधब्याची उंची तिने परस्पर दहा मीटरने वाढवली, तेव्हा बाबांनी स्वतःची टोपी चावली. दुसऱ्याची दंतकथा तिने तिसऱ्याला चिकटवली, तेव्हा त्यांनी माझा हात इतका दाबला की मुंग्या आल्या. शेवटच्या धबधब्याचं तर तिने नावच चुकीचं सांगितलं. बाबांच्या डोळ्यांत पाणी आलं. शेजारच्या सीटवरच्या काकूंना वाटलं, किती हे निसर्गप्रेम! पण बाबांनी तोंड काही उघडलं नाही.

तेवढ्यात आई उठली आणि तिने गाइडच्या हातातला माइक अलगद काढून घेतला.




"दे इकडे, पोरी. तीस वर्षं हे झोपेत बडबडून मला रोज हेच धबधबे दाखवतायत."