फ्रिजमधली मांडी

कम्युनिस्ट राजवटीच्या काळातल्या एका सिनेमात मी कामगाराची बायको होते. आमच्या कला दिग्दर्शक बोगुमिवाबाईंनी घराचा सेट लावला होता. भिंतीला पोपडे, फ्रिज रिकामा. सेन्सॉरच्या कॉम्रेड क्षेपान्स्कीने नाक मुरडलं.

"बाई, ही देशाची बदनामी आहे. आपल्या कामगाराकडे सगळं असतं. बदला, नाहीतर हा तुमचा शेवटचा सिनेमा."

बाई कामाला लागल्या. भिंत गुलाबी केली आणि फ्रिजमध्ये डुकराची अख्खी खारवलेली मांडी ठेवली. तसली मांडी आम्ही नाताळातसुद्धा बघितली नव्हती.

दुसऱ्या दिवशी कॉम्रेड खूश. "आता कसं! अगदी खरं घर वाटतंय. जरा मला एकट्याला नीट बघू द्या."

बाहेर आला तो ओव्हरकोटाची सगळी बटणं लावून. आत जाताना सपाट असलेलं पोट चांगलंच सुटलं होतं. घाईघाईत मंजुरीची सही ठोकली आणि तुरुतुरु गाडीत जाऊन बसला.

मी फ्रिज उघडला. "बाई, मांडी पळवली की हो भामट्याने! अडवू का?"

बाईंनी शांतपणे सिगारेट पेटवली.

"कशाला? प्लास्टरची आहे. आपल्या कामगाराच्या घरात काय असतं, ते आता त्याचे दातच त्याला सांगतील."