मृणालीचा मंगळ

"काका, आता तुम्हीच दाबा बटण. नायतर म्हणाल, प्रविण मुद्दाम करतो."

कमळाकरनं खुर्ची पुढं ओढली. कंपनीतली रात्रपाळी संपवून तो रोह्याहून सरळ पेणच्या गाडीत बसला होता. निडी कधी गेलं, कासू कधी गेलं, त्याला पत्ता नव्हता. प्रविणनं दाखवलेलं बटण त्यानं दाबलं. यंत्र आतल्या आत कुरकुरलं आणि पडद्यावर तीच मेली इंग्रजी ओळ उमटली.

"काय म्हणतंय?"

"नाय म्हणतंय. मृणालीची पत्रिका पुसणार नाय."

प्रविणनं पेणच्या बाजारात कंप्युटरवर पत्रिका काढायचं दुकान टाकलं, तेव्हापासून सोयरिकीची रीतच बदलली होती. हाताच्या पत्रिकेकडं कोणी ढुंकून बघत नव्हतं. मुलाकडचे थेट इथं यायचे, मुलीचं नाव सांगून तिची पत्रिका साठवलेली फ्लॉपी यंत्रात घालायला लावायचे आणि गुण जुळवून घ्यायचे. कमळाकरच्या मृणालीची फ्लॉपी घातली की आधी निघायचा तो मंगळ, आणि तोही कडक! नागोठण्याचं स्थळ गेलं, वडखळचं गेलं. पोर देखणी, कामाला वाघीण, पण बापाच्या जिवाला घोर लागला तो लागलाच.

हौसाकडं, म्हणजे त्याच्या बायकोकडं, कारणांचा तोटा नव्हता. ती म्हणायची, पोरीला नजर लागली. म्हणायची, कुलदैवताचं काहीतरी राहिलं. म्हणायची, दसऱ्याच्या सणाला पोर टायपिंगच्या क्लासवरनं भुंड्या कपाळानं घरी आली, तेव्हाच अपशकुन झाला. तो क्लास याच दुकानाच्या माडीवर होता. वरची खटखट आत्ताही कमळाकरच्या डोक्यात घाव घालत होती.

"अरं, जन्मवेळ जरा मागं सरकव आणि नवी काढ."

"काढतो की! पण जुनी पुसल्याशिवाय त्या नावावर दुसरी बसत नाय. आणि जुनी तर हटूनच बसलीय."

प्रविणनं फ्लॉपी काढून त्याच्या हातात दिली. काळी, चौकोनी, पापडासारखी पातळ. कडेला एक मोठी लाल टिकली चिकटवलेली होती, मधे सोनेरी ठिपका.

"हे काय?"

"दसऱ्याची पूजा, काका. कुंकू आत सांडलं तर मशीन बिघडतं, म्हणून टिकली."

कमळाकरनं फ्लॉपी कपाळाला लावली आणि परत दिली.

घरी हौसा दारातच उभी होती. "पुसली?"

"नाय गो. माझ्या हातानं बटण दाबलं, तरी नाय."

"पण आपल्या भटजींच्या पत्रिकेत मंगळ नव्हता हो."

"ती पुरात गेली ना? मग आता काय तिचं! आणि भटजी चुकतो, मशीन चुकत नाय. त्याला काय कोणाची भीड?"

मृणाली चुलीपाशी भाकऱ्या थापत होती. तिनं मान वर केली नाही. कमळाकरला वाटलं, पोर आतून खचलीय.

पुढच्या खेपेला तो दुकानात आला तो हात टेकूनच.

"प्रविण, पुसायचं राहू दे. दमलो बाबा. मंगळाचाच कोण मुलगा हाय का, तेवढं त्या डब्यात बघ."

प्रविणनं उगाच दोन-चार बटणं दाबली. मग म्हणाला, "एक हाय. पेणचाच. आपल्यातलाच."

"कोण?"

"मीच, काका. मला पण कडक मंगळ हाय."

कमळाकर कितीतरी महिन्यांनी पोट धरून हसला. "काखेत कळसा नि गावाला वळसा! अरं, आधी नाय का बोलायचंस?"

साखरपुडा झाला. हौसानं देवाला पेढे ठेवले. कमळाकरला मेल्यासारखी झोप लागायला लागली.

लग्नाच्या बाजारासाठी पेणला आलेला कमळाकर दुकानात टेकला. प्रविण सासऱ्यासाठी सोडा आणायला गेला. तेवढ्यात हायस्कुलातले हैबतराव मास्तर आले. टेबलावरची चिकटपट्टी घेऊन ते आपल्या फ्लॉपीच्या कडेला चिकटवायला लागले.

"हे काय, मास्तर? पूजा?"

"पूजा कसली! यात शाळेचे निकाल हायत. ही कडेची खाच बुजवली, की आतलं कोणाच्या बापाला पुसता येत नाय. तुमच्या जावयानंच शिकवलं!"

मास्तर गेले. कमळाकर उठला आणि फळीवरची मृणालीची फ्लॉपी त्यानं हातात घेतली. टिकलीवरनं अंगठा फिरवला. खाली खाच लागली.

मग त्यानं फळीवरच्या बाकीच्या फ्लॉप्या एकेक करून उलटून बघितल्या. दसऱ्याची पूजा एकट्या मृणालीचीच झाली होती.