ओट्याचे त्रिकोण

“सहा कशाला? आमी चौगीच हाव ना!” रत्नाबाईंनी कमरेवर हात ठेवले.

सलोनी हातात खडू घेऊन उभी होती. बोईसरच्या मासळी बाजारातला नवा ओटा कंत्राटदाराने हौसेने षटकोनी बांधला होता. सगळ्या बाजू सारख्या. चौघी मासेवाल्यांमध्ये त्याची वाटणी करायला रत्नाबाईंनी आपल्या सुनेलाच बोलावले होते, कारण सलोनी उमरोळीच्या शाळेत गणित शिकवायची.

“मधल्या बिंदूपासून आखलं तर सहा सारखे त्रिकोण होतात, आई,” ती म्हणाली. “चार तुमचे. उरलेले दोन जिवलीमावशींच्या बहिणीला आणि भाचीला. त्या दोघी बाजाराच्या दारात चिखलात बसतात.”

“बसूंदे. ओटा आमचा हाय. चारच कर.”

चौघींतल्या जिवलीने मान खाली घातली. रत्नाबाईंपुढे बाजारात कुणी तोंड उघडत नसे.

सलोनी निमूटपणे ओट्याच्या एका कोपऱ्याशी गेली. तिथून तिने समोरच्या तीन कोपऱ्यांपर्यंत रेघा ओढल्या. चार त्रिकोण झाले. कडेचे दोन लहान, मधले दोन त्यांच्या दुप्पट.

रत्नाबाईंचे डोळे चमकले. “मधला माजा. दुसरा पुष्पलताचा.” पुष्पलता म्हणजे त्यांची धाकटी जाऊ. लहान तुकडे जिवली आणि इंदुबाईच्या वाट्याला आले.

धंदा सुरू झाला. रत्नाबाई ऐसपैस बसल्या. पाठीमागे टोपल्या, बर्फाची पेटी, वर पाय पसरायलाही जागा. पण गिऱ्हाईक काही पाठीमागून येत नाही. ते ओट्याच्या कडेने फिरते. आणि मधल्या त्रिकोणाला बाहेरची बाजू एकच होती. कडेच्याला दोन.

जिवलीने एका बाजूला बोंबील मांडले, दुसऱ्या बाजूला मांदेली. कारखान्यातून पाळी सुटलेले कामगार इकडून आले तरी तीच, तिकडून आले तरी तीच. “मौसी, बोंबील कैसा दिया?” रत्नाबाईंचे पापलेट बर्फावर पडून राहिले.

शेवटी त्यांनी हुकूम सोडला. “जिवले, जागा बदल.”

“नाय बाय. मोठा तुमीच उचललाय ना?” जिवली आयुष्यात पहिल्यांदा त्यांना उलटून बोलली. इंदुबाई पदराआड हसली.

रत्नाबाई तणतणत घरी आल्या. “मोड ती वाटणी! मला एकच बाजू, तर सगळ्यांनाच एक. कोनाला दोन नाय मिलाची. तुजे ते सहा कर!”

सकाळी सलोनीने ओट्याच्या मधोमध बिंदू काढला आणि सहाही कोपऱ्यांना जोडला. जिवलीने आपली जादा बाजू हसत सोडली. तिची बहीण आणि भाची चिखलातून टोपल्या उचलून ओट्यावर चढल्या.

रत्नाबाईंनी जिवलीकडे जिंकल्यासारखे पाहिले. मग त्यांची नजर त्या दोघींवर गेली. तिथून हळूहळू सुनेवर आली.

“काय गो, मोठ्याला एकच बाजू येते, ह्ये तुला तवाच ठावं होतं?”

“होतं ना.”

“मंग बोलली का नाय?”

सलोनीने हातावरची खडूची भुकटी झटकली.

“बोलले असते, तर तो मोठा तुकडा तुम्ही जिवलीमावशींना दिला असता.”