गावकीचा टोप

"मग त्या दिवशी निजामपुऱ्याकडे गावातलं कोण कोण गेलं होतं?" इन्स्पेक्टरांनी तिसऱ्यांदा विचारलं.

देवळाच्या ओट्यावर बावीस जण बसले होते. एकाच्याही तोंडून नाव निघेना. सत्तरच्या मे महिन्यातल्या दंगलीत शहरातल्या निजामपुऱ्यातली कादरमियाँची कापडाच्या लूमची शेड जळाली, त्याचा म्हातारा बाप आतच राहिला, त्याला आता वर्ष होत आलं होतं. धरला गेला होता फक्त नवशा, लोकांच्या शेतावर राबणारा. आज दुसरं नाव मिळालं नाही तर खटला एकट्या त्याच्यावरच उभा राहणार होता. त्याची बायको ठकुबाई खांबाला टेकून ऐकत होती.

"मोरूकडं हळद व्हती, साहेब," गावचे कारभारी केसरीनाथ म्हणाले. "आख्खं गाव मांडवात. नवशा तेवढा न्हवता."

"ते काल्हेरला व्हते, माज्या माहेरी," ठकुबाई म्हणाली.

"तुला कोन इचारतंय, ठके?" केसरीनाथ डाफरले.

इन्स्पेक्टरांनी सगळं लिहून घेतलं. चहा आला. बशी फुंकता फुंकता त्यांनी सहज विचारलं, त्या गडबडीत गावाचं काही गेलंबिलं तर नाही ना?

केसरीनाथांच्या पोटात वर्षभर साचलेलं बाहेर पडलं. गावकीचा तांब्याचा टोप गेला होता. काठावर 'समस्त ग्रामस्थ' कोरलेला. गावातल्या प्रत्येक लग्नाचा भात त्यातच शिजायचा. ओट्याच्या कडेला बसलेला हिरामण मध्येच खोकला. केसरीनाथांनी त्याला पाणी प्यायला सांगितलं.

"एकट्यानं कुणी नेला असेल?"

"एकट्यानं? चार मानसं आनि बांबू लागतो, साहेब. किल्ली माज्या करगोट्याला. हळदीला भाईर काढला, मंग दिसलाच न्हाय."

टोप परत हवा असेल तर तो आपला असल्याचं मालकांनी लिहून द्यावं लागेल, असं इन्स्पेक्टर म्हणाले. मालक म्हणजे सगळेच. हिरामण हळूच मागे सरकला, तेव्हा केसरीनाथांनी बजावलं, सही न करणाऱ्याच्या दारात लग्नाला टोप येणार नाही. हिरामणची पोरगी लग्नाची होती. त्यानं अंगठा उठवला.

बावीस झाले. इन्स्पेक्टरांनी कागदाची घडी खिशात ठेवली.

"टोप मिळालाय. कादरमियाँच्या शेडच्या राखेत. रॉकेलचा वास अजून जात नाही."

केसरीनाथांचा हात करगोट्याच्या किल्लीवर गेला.

"ठकुबाई, जीपमध्ये बस, नवशाला सोडवून आणायचंय. समस्त ग्रामस्थ मागून चालत येतील."